गौरीबाई आणि आमचे सालोमालो

'संत तुकाराम' या बोलपटाविषयी मराठीत जे काही लिहिले जाते, त्यात एक वाक्य ठरलेल्या पाहुण्यासारखे हटकून येते. पागनीसबुवांच्या भक्तिरसाची वाखाणणी झाली, दामले-फत्तेलाल यांच्या दिग्दर्शनास मुजरा झाला, केशवराव भोळ्यांच्या संगीताचा गोडवा गाऊन झाला, की लेखक जिजाईकडे वळतो आणि लिहितो, 'गौरीने येथे अभिनय केलाच नाही. ती मुळातच तशी होती.' हे वाक्य लिहिणाऱ्यास आपण मोठीच स्तुती केली असे वाटत असते. वाचणाऱ्यासही तसेच वाटते. आमच्या मते ही स्तुती नसून सभ्य वेषातली चोरी आहे. ती इतकी वर्षे बिनबोभाट चालू राहिली, म्हणूनच तिच्याविषयी चार कठोर शब्द लिहिणे आम्हांस प्राप्त झाले आहे.

प्रथम ज्यांनी हा बोलपट पाहिला नसेल त्यांच्यासाठी थोडी माहिती. १९२९ साली कोल्हापुरात स्थापन झालेली प्रभात फिल्म कंपनी १९३३ साली पुण्यास आली, आणि १९३६ च्या अखेरीस तिने 'संत तुकाराम' लोकांपुढे ठेवला. कथा-संवाद शिवराम वाशीकरांचे. मुंबईत तो वर्षाहून अधिक काळ चालला. १९३७ साली व्हेनिसच्या महोत्सवात त्याचा गौरव झाला. तुकोबांची भूमिका विष्णुपंत पागनीसांनी केली, सालोमालोची श्री. भागवतांनी, आणि तुकोबांची पत्नी जिजाई, जिला वारकरी मंडळी आवली म्हणून ओळखतात, तिची भूमिका केली गौरीबाईंनी. प्रभातच्या आवारात लहानसहान कामे करणाऱ्या, घोळक्यात उभ्या राहणाऱ्या माणसांतून त्या पुढे आल्या.

आम्ही 'गौरीबाई' म्हणतो याकडे वाचकांनी लक्ष द्यावे. मराठी चित्रपटाचा इतिहास सांगताना पागनीस हे विष्णुपंत असतात, दाते हे केशवराव असतात, खोटे या दुर्गाबाई असतात, आपटे या शांताबाई असतात. आणि या एकट्या मात्र 'गौरी'. श्रेयनामावलीत त्यांच्या नावामागे आडनाव नाही, पुढे 'बाई' नाही. घरकामाच्या बाईला पाच वर्षांच्या पोरानेही एकेरी हाक मारावी, तशी ही हाक पिढ्यान्‌पिढ्या चालत आली. ज्यांना आडनावाचीही गरज भासू नये अशा समजुतीने जगाने वागवले, त्यांच्या कलेला कर्तृत्वाची गरज नाही असे ठरविणे मग अवघड उरत नाही. तेवढ्यापुरते तरी हे पान त्या रिवाजात सामील होणार नाही.

आता मुद्द्याकडे वळू. 'ती मुळातच तशी होती' याचा अर्थ काय? एक कष्टकरी स्त्री होती. ती भांडखोर, तोंडाळ, मायाळू होती. तिला कॅमेऱ्यापुढे आणून उभे केले आणि यंत्र चालू केले. बस्स, जिजाई तयार झाली. ज्यांना हे खरे वाटते त्यांनी आमच्या भिगवणास एकदा यावे. पुणे-सोलापूर हमरस्त्यावरचे आणि आगगाडीच्या वाटेवरचे हे गाव. १९८० साली पुरे झालेल्या उजनी धरणाचे पाणी येथवर पसरले, जमिनी त्याखाली गेल्या, आणि शेतकऱ्यांच्या गावाला मासळीबाजार आला. हिवाळ्यात रोहित पक्षी उतरतात तेव्हा शहरातून मोठमोठे कॅमेरे गळ्यात अडकवून मंडळी येतात. पक्ष्यांचे फोटो झाले की त्यांची नजर मासळी निवडीत बसलेल्या बायांकडे जाते. 'मावशी, नॅचरल बसा,' असे सांगण्यात येते. क्षणापूर्वी जी बाई गिऱ्हाइकाशी दोन रुपयांवरून जीव तोडून भांडत होती, तिच्या मानेत त्या एका शब्दासरशी जणू खुंटी मारली जाते. पदर दोनदा सारखा होतो, ओठ मिटतात, हात मांडीवर येऊन बसतात. जे 'मुळातच' असते ते यंत्राच्या डोळ्यापुढे सर्वांत आधी पळून जाते. त्याला तेथे थोपवून धरणे, आणि पुन्हा मागितले असता पुन्हा तसेच आणून देणे, यालाच तर अभिनय म्हणतात. आणखी कशाला म्हणतात, हे आम्हांस कोणी तरी समजावून सांगावे.

आणि त्या काळचे यंत्रही आजच्यासारखे खिशात मावणारे नव्हते. संवाद मागाहून आरामात बसून भरावयाचे नसत; ज्या क्षणी चित्र घेतले जाई त्याच क्षणी ध्वनीही घेतला जाई. प्रखर दिव्यांची धग, आखून दिलेली जागा, मान इतकीच वळली पाहिजे, आवाज इतकाच चढला पाहिजे, चढला तरी फुटता कामा नये. एखाद्या प्रसंगाचा शेवट आज घ्यावयाचा आणि आरंभ पुढल्या आठवड्यात. घरातली भांडखोर बाई एकदाच संतापते आणि संताप ओसरला की चुलीपुढे बसते. गौरीबाईंना तोच संताप तुकड्यातुकड्यांनी, मागेपुढे, दिवसांच्या अंतराने, एका मापाचा काढून द्यावा लागला, आणि पडद्यावर त्यातला एकही सांधा दिसत नाही. पागनीसबुवांच्या बाबतीत हा विचार कोणाच्या मनात येत नाही असे नाही. त्यांनी रंगभूमीवर स्त्रीभूमिका केल्या होत्या, गायनाची तालीम घेतली होती. ही सर्व पूर्वपीठिका त्यांच्या तुकोबाचे स्पष्टीकरण म्हणून सांगितली जाते, आणि सांगावीच. पण जिजाईचे स्पष्टीकरण मागण्याची वेळ आली की पूर्वपीठिका संपते आणि 'माती'चे गुणगान सुरू होते. 'या मातीतली बाई', 'मातीचा गंध', 'मातीतून उगवलेली भूमिका' अशी ही भाषा. मातीतून ज्वारी उगवते, तीही कोणी तरी पेरल्यावाचून नाही. भूमिका उगवल्याचे आमच्या पाहण्यात नाही.

दुसरे एक उदाहरण घ्या. याच प्रभातच्या 'कुंकू' (१९३७) मध्ये म्हाताऱ्या काकासाहेबांची सुशिक्षित, समाजकार्यात रमलेली मुलगी सुशीला हिचे काम शकुंतलाबाई परांजपे यांनी केले. शकुंतलाबाई रँग्लर परांजप्यांच्या कन्या, केंब्रिजला शिकलेल्या, आणि पुढे संततिनियमनाच्या कार्यास वाहून घेतलेल्या. म्हणजे कोणी पडद्यावर स्वतःच्या सर्वांत जवळची भूमिका केली असे म्हणावयाचे असेल, तर ते शकुंतलाबाईंविषयी म्हणता येईल. तसे कोणी म्हणते काय? मुळीच नाही. तेथे 'संयत अभिनय' असतो, 'जाण' असते, 'सुसंस्कृतपणा' असतो. शिकलेल्या बाईने शिकलेल्या बाईचे काम केले तर ती कला, आणि न शिकलेल्या बाईने गरिबाघरच्या बाईचे काम केले तर तो निसर्ग! हा न्याय कोणत्या शास्त्रात बसतो? शकुंतलाबाईंच्या यशाबद्दल आम्हांस आदरच आहे. आमचे भांडण त्यांच्याशी नाही, तराजू धरणाऱ्याशी आहे.

आणि जिजाईची भूमिका तरी 'आहे तशी उभी राहा' म्हणून होणारी होती काय? कीर्तनकारांच्या तोंडी शतकानुशतके ही आवली म्हणजे एक विनोदाचे साधन होती. बुवांनी तिचा आवाज काढावा, नाक मुरडावे, श्रोत्यांत हशा पिकावा, आणि त्या हशाच्या पार्श्वभूमीवर तुकोबांची शांती अधिकच उजळावी, अशी ही योजना. संताची बायको कर्कशा असलीच पाहिजे. पाश्चात्त्यांकडेही सॉक्रेटिसाच्या बायकोचे हेच झाले. या साच्यातून ओतलेली जिजाई लोकांना चालली असती, किंबहुना हवीच होती. गौरीबाईंनी तो साचा मोडला, आणि तो मोडताना हशा मात्र घालविला नाही, हे विशेष. त्या शिव्या देतात तेव्हा आपण हसतो. पण हसता हसता आपल्या ध्यानात येते की ही बाई जे म्हणते आहे त्यात चूक असे काहीच नाही. घरात दाणा नाही. पोरे उपाशी आहेत. नवरा आलेले देऊन येतो. इतिहास सांगतो की १६३० च्या सुमाराच्या महादुष्काळात तुकोबांची पहिली पत्नी अन्नावाचून गेली. जिजाई ही तिच्या मागे त्या घरात उरलेली दुसरी. तिचे भांडण स्वभावाचे नसून दुष्काळाचे आहे, भुकेच्या आठवणीचे आहे. इंदापूर तालुक्यातल्या पर्जन्यछायेच्या पट्ट्यात ज्यांचे बालपण गेले, त्यांना हे मुद्दाम सांगावे लागत नाही.

आषाढात तुकोबांची पालखी बारामतीवरून सणसर, बेलवडी, निमगाव केतकी, इंदापूर अशी सराटीकडे जाते. बेलवडीचे गोल रिंगण पाहण्यास आम्हीही जातो. टाळमृदंगाचा तो घोष अंगावर काटा आणतो याबद्दल वाद नाही. पण ज्या ज्या घरातून एक वारकरी निघतो, त्या त्या घरात त्या पंधरवड्यात गोठ्यातली म्हैस कोण तरी पिळीत असते, पेरणीच्या पहिल्या पावसाकडे कोण तरी डोळे लावून बसलेले असते. चित्रपटातली जिजाई म्हशीशी बोलते, तिच्यावर जीव लावते. शहरातला प्रेक्षक याला गोड विनोद समजतो. आमच्याकडच्या बायकांत बसून हा चित्रपट पाहावा म्हणजे कळेल की त्या ठिकाणी कोणी हसत नाही. त्या हसतात ते दुसऱ्याच जागी, जेथे नवऱ्याला ती खडसावते तेथे; आणि ते हसणे थट्टेचे नसते, समाधानाचे असते.

देवळातला प्रसंग तर या भूमिकेचा कळसच. पोर आजारी आहे. औषधाला पैसा नाही. जिजाई त्या पोराला ओढीत देवळात जाते आणि वहाण हातात घेऊन विठोबाला जाब विचारते. हा प्रसंग किती निसरडा आहे याचा विचार करा. समोर १९३६ सालचा भाविक प्रेक्षक. पडद्यावर साक्षात पांडुरंगाची मूर्ती. तिच्यावर उगारलेली वहाण. अभिनयात तसूभर अधिक झाले तर पाखंड होईल, तसूभर कमी झाले तर तमाशा होईल. गौरीबाई हे करतात कसे? त्या देवाला परका मानीतच नाहीत. ज्या आवाजात त्या नवऱ्याशी भांडतात त्याच आवाजात देवाशी भांडतात. जणू हाही घरातलाच एक कामचुकार पुरुष. तुकोबांची भक्ती देवाला सखा मानते असे पंडित सांगतात. परंतु त्या सख्यत्वाचा पुरावा या चित्रपटात पाहावयाचा असेल तर तो भजनात नव्हे, या वहाणेत पाहावा लागतो. प्रेक्षक दुखावला गेला नाही, तो गहिवरला. ही किमया जिला साधली तिला 'अभिनय करावा लागला नाही' असे म्हणणाऱ्याने निदान एकदा आरशापुढे उभे राहून तो प्रसंग करून पाहावा.

येथे आम्हांस शांताराम आठवल्यांची आठवण होते. या चित्रपटासाठी त्यांनी एक अभंग रचला. तो इतका तुकोबांच्या वळणाचा उतरला की लोक तो तुकोबांचाच समजले, जाणती माणसे तो गाथेत शोधू लागली. ही हकीकत आजही मोठ्या कौतुकाने सांगतात, आणि ती सांगण्यासारखीच आहे. कवीचे कौशल्य इतके पराकोटीचे, की कवी दिसेनासा झाला! मग हाच न्याय गौरीबाईंना का नाही? त्याही दिसेनाशा झाल्या. त्यांच्या जागी लोकांना जिजाईच दिसली. कवी अदृश्य झाला तर ती त्याच्या कलेची परिसीमा, आणि नटी अदृश्य झाली तर तिच्यापाशी कला नव्हतीच असा निकाल! एकाच चित्रपटाविषयी, एकाच लेखात, कधी कधी एकाच पानावर हे दोन निकाल शेजारी शेजारी नांदताना आम्ही पाहिले आहेत, आणि लिहिणाऱ्याच्या लेखणीला ठेच लागलेली दिसली नाही.

तरीही कोणी हटवादी म्हणेल की एक भूमिका योगायोगाने जमली. ठीक. पाच वर्षे पुढे चला. १९४१ साली प्रभातनेच 'संत सखू' काढला. सखूचे काम हंसाबाई वाडकरांचे. तिला छळणाऱ्या सासूचे, म्हाळसाकाकूचे, काम गौरीबाईंचे. आवाज तोच, खणखणीत. शब्दांचा मारा तोच. संताशी वैरही वरवर तेच. पण दोन स्त्रिया एकमेकींच्या वाऱ्यालाही उभ्या राहणार नाहीत इतक्या वेगळ्या! जिजाईच्या शिवीखाली भूक आहे, म्हाळसाकाकूच्या शिवीखाली सत्ता आहे. एक कर्कश आहे कारण तिच्या हातात काही नाही. दुसरी कर्कश आहे कारण तिच्या हातात सून आहे. निसर्ग एका माणसास एकच स्वभाव देतो. गौरीबाई 'मुळातच' जिजाई होत्या तर म्हाळसाकाकू कोण होती? आणि त्या 'मुळातच' म्हाळसाकाकू होत्या असे म्हणाल, तर जिजाईवर तुम्ही जीव टाकलात तो कोणावर? या प्रश्नाचे उत्तर 'मुळातच'वाल्यांपैकी कोणी दिल्याचे आमच्या वाचनात नाही. बहुधा त्यांनी दुसरा चित्रपट पाहिलेलाच नसावा.

आणखी एक पक्ष आहे, आणि तो अधिक विचारी आहे. तो म्हणतो की हे श्रेय दिग्दर्शकांचे. दामले ध्वनीचे जाणकार, फत्तेलाल कलादिग्दर्शक. दोघेही बाबूराव पेंटरांच्या हाताखाली तयार झालेले. त्यांनी साध्या माणसांतून हवे ते काढून घेतले. यात सत्याचा अंश आहे आणि तो आम्ही नाकारीत नाही. गौरीबाईंना ही भूमिका देण्याचे धाडस ज्यांनी केले त्यांच्या नजरेला आमचा नमस्कार. वाशीकरांनी लिहिलेली वाक्ये नसती तर गौरीबाई बोलल्या काय असत्या, हेही खरे. पण दिग्दर्शकाच्या हातात परीस असता, तर त्याच चित्रपटात, त्याच मंडळींच्या पुढल्या चित्रपटांत, घोळक्यातला प्रत्येक माणूस सोन्याचा व्हावयास हवा होता. तसे झालेले नाही. काही कामे बेताची आहेत, काही नाटकी आहेत, काही केवळ जागा भरणारी आहेत. शिल्पकार तोच, हत्यारे तीच. फरक पडला तो दगडात असे म्हणाल तर पुन्हा 'माती'वर याल. फरक पडला तो कलावंतात.

हा रोग मराठीपुरता नाही. डी सीकाच्या 'बायसिकल थीव्हज' (१९४८) या जगद्विख्यात इटालियन चित्रपटात बेकार कामगाराचे काम लाम्बेर्तो माज्जोरानी नावाच्या खऱ्याखुऱ्या कारखाना-कामगाराने केले. जगभरच्या टीकाकारांनी लिहिले, हा नट नव्हे, हे जीवन आहे. चित्रपट झाल्यावर त्या माणसाचे काय झाले? कारखान्यातली नोकरी गेली. आणि चित्रपटवाल्यांकडे काम मागावयास गेला तेव्हा तेथे नटाची जागा मिळविणे त्याला फार कठीण गेले. का मिळावी? तो नट नव्हे असे सर्वांनी मोठ्या प्रेमाने लिहूनच ठेवले होते! याच्या उलट सत्यजित राय यांच्या 'पथेर पांचाली' (१९५५) मधली वाकलेली, दात गेलेली इंदिर ठाकरुण. परदेशी प्रेक्षकांना ती बंगालच्या खेड्यातून उचलून आणलेली म्हातारी वाटली. प्रत्यक्षात त्या चुनीबाला देवी, जुन्या बंगाली रंगभूमीवरच्या मुरलेल्या नटी. 'स्वाभाविक' हे विशेषण पाहणाऱ्याच्या डोळ्यात असते, करणाऱ्याच्या शाळेत नव्हे, याचा याहून बोलका दाखला मिळणार नाही.

पुरुष नटांची स्थिती थोडी बरी, पण थोडीच. नाना पळशीकर हे नाव आजच्या किती वाचकांना ओळखीचे वाटेल? १९३५ पासून त्यांनी चित्रपटांत कामे केली, ती जवळजवळ सारी गरिबाची. बिमल रॉय यांच्या 'दो बिघा जमीन' (१९५३) मध्ये बलराज सहानींचा म्हातारा बाप गंगू त्यांनी केला, बी. आर. चोप्रांच्या, एकही गाणे नसलेल्या, 'कानून' (१९६०) मध्ये खुनाच्या आरोपात सापडलेला भुरटा चोर कालिया त्यांनी केला आणि त्याबद्दल सहाय्यक नटाचे फिल्मफेअर पारितोषिक मिळविले. त्या चित्रपटात अशोककुमार आहेत, राजेंद्रकुमार आहेत. तरीही तो कातावलेला, भेदरलेला चोर विसरता येत नाही. तथापि मराठीत पळशीकरांविषयी जे थोडे लिहिले जाते त्यात 'त्यांचा चेहराच तसा होता' हे वाक्य डोकावतेच. चेहरा! म्हणजे गौरीबाईंची माती, पळशीकरांचा चेहरा. कर्ता कोठेच नाही. आपल्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांस १९५४ साली आरंभ झाला. सहाय्यक नटनटींसाठी स्वतंत्र पारितोषिक सुरू झाले ते १९८४ सालच्या चित्रपटांपासून. पहिल्याच वर्षी ते 'पार्टी'तल्या भूमिकेबद्दल आपल्या रोहिणीताई हट्टंगडींना मिळाले याचा आनंद आहेच. पळशीकर त्याच १९८४ साली वारले. मध्यंतरीच्या तीस वर्षांत जे येऊन गेले ते सारे जणू चेहरेच होते.

हा सारा वाद शब्दांचा आहे, एका विशेषणावर एवढे रान उठविण्याचे कारण काय, असे कोणी म्हणेल. कारण आहे. जे 'स्वाभाविक' ठरते त्याचा मोबदला ठरत नाही. जे 'मुळातच' असते त्याची नोंद ठेवावी लागत नाही. १९४२ साली शांताराम प्रभात सोडून गेले, १९४५ साली दामले वारले, पुढे १९५० नंतरच्या वर्षांत कंपनीच बुडाली; मासिक पगारावरच्या कलावंतांचे छप्पर गेले. ज्यांच्या नावाला वजन होते त्यांना दुसरी दारे उघडली. पागनीसबुवांना 'संत तुकाराम'नंतर मुंबईच्या कंपन्यांनी 'संत तुलसीदास' (१९३९), 'नरसी भगत' (१९४०) यांसाठी बोलावून नेलेच होते. संत हे चलनी नाणे होते. संताच्या बायकोला घेऊन कोणी चित्रपट काढला नाही; तिच्या वाट्यास सासू आली. 'पुढे तिने काही विशेष केले नाही' असे जेव्हा लिहिले जाते तेव्हा आम्हांस विचारावेसे वाटते की सहाय्यक नटीला 'करण्या'चा अधिकार कधी होता? तिला जे देतात ते ती करते. दिले नाही याचा दोष तिच्या खात्यावर मांडणे हा हिशेब उफराटा आहे.

असा हिशेब आमच्या भागात नवा नाही. भवानीनगरच्या, माळेगावच्या कारखान्यांच्या परिसरात दर हंगामात ऊसतोडीच्या टोळ्या येतात. त्यांच्या हिशेबात नवरा-बायको मिळून 'एक कोयता'. उचल घेतली जाते ती पुरुषाच्या नावाने. पहाटे उठून भाकरी थापते, मग फडात मोळ्या बांधते आणि डोक्यावरून वाहून नेते, त्या बाईचे नाव वहीत शोधावे तर सापडत नाही. कारण नवऱ्याच्या मागे तिने राबणे हे स्वाभाविकच आहे! ज्या समाजाने स्त्रीच्या कष्टाला स्वभाव म्हणून मोकळे केले, त्या समाजातल्या रसिकांनी तिच्या कलेलाही स्वभाव म्हणावे, यात नवल कसले?

वाचकांना सालोमालो आठवत असेल. तुकोबांचे अभंग आपल्या नावावर खपविणारा तो भोंदू. चित्रपटात आपण त्याला हसतो, कारण त्याची चोरी ढळढळीत आहे. तो निदान आपले नाव घालतो. आमचे आजचे सालोमालो अधिक चतुर आहेत. ते गौरीबाईंची करणी स्वतःच्या नावावर करीत नाहीत. ती मातीच्या नावावर करतात, लोकजीवनाच्या नावावर करतात, दिग्दर्शकाच्या नावावर करतात. मूळ धनीण तेवढी वगळली की त्यांचे काम झाले. आणि वर हात जोडून म्हणतात, पाहा, आम्ही तिला किती मोठे म्हटले!

प्रभातच्या आवारात आज चित्रपटकला शिकविणारी सरकारी संस्था आहे. १९६० सालापासून तेथे देशभरची मुले अभिनय, दिग्दर्शन, संकलन शिकावयास येतात. 'संत तुकाराम' त्यांना दाखवितात, आणि दाखवावाच. आमचे म्हणणे एवढेच की तेथे शिकविणाऱ्यांनी, आणि मासिकांतून परीक्षणे लिहिणाऱ्यांनीही, एक प्रयोग करावा. देवळातला तो प्रसंग प्रथम आवाज बंद करून पाहावा आणि गौरीबाईंचे खांदे, मान, पाऊल टाकण्याची त्वरा एवढ्याकडेच लक्ष द्यावे. मग डोळे मिटून नुसता आवाज ऐकावा. श्वास कोठे घेतला, शब्द कोठे तोडला, राग कोठे रडण्याच्या काठाशी येऊन परतला, ते कागदावर टिपून घ्यावे. नंतर 'संत सखू'मधल्या सासूचा कोणताही एक प्रसंग याच रीतीने तपासावा, आणि दोन्ही टिपणे शेजारी ठेवावीत. इतके करूनही ज्यांना वाटेल की या बाईंनी अभिनय केला नाही, त्यांनी आपले टिपण सहीनिशी या मासिकाकडे पाठवावे. आमच्या लेखाइतकीच जागा त्यास द्यावी, अशी विनंती आम्ही संपादकांस आताच करून ठेवीत आहो.